शेवटचा कारागीर नव्हे, सगळं काम दाखवा

शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात तिथे उत्खनन केलं आणि इसवी सनपूर्व १६०० ते ७०० च्या सुमाराची ताम्रपाषाणयुगीन शेतकऱ्यांची वस्ती उजेडात आली. सांकलिया, ढवळीकर, अन्सारी या पुरातत्त्वज्ञांच्या या कामात कुंभाराची भट्टी सापडली आणि चुनेवाला, सोनार अशा कारागिरांची घरं ओळखता आली. लाल भांड्यांवरची काळी नक्षी आजही पाहता येते. भट्टी विझवायची वेळ झाली हे तो कुंभार कशावरून ओळखत होता आणि मुलाचा हात कुठे चुकला की त्याला काय सांगत होता, ते मात्र कुदळीला सापडत नाही. वस्तू टिकते, कृती टिकत नाही. कृती टिपून ठेवण्याचं साधन आज कॅमेऱ्याच्या रूपाने आपल्या हाती आहे. म्हणून शिरूर-दौंडच्या मावळत्या व्यवसायांवर माहितीपट करायचा, तर त्याचं पहिलं काम कृती पुरी दाखवणं हे आहे.

बहुतेक माहितीपट इथेच कमी पडतात. सुरकुतलेला हात, बासरीचा करुण सूर आणि ‘हा शेवटचा’ असं निवेदन, एवढ्यावर ते संपतात. प्रेक्षक हळहळतो, पण मोट कशी शिवतात हे त्याला कळत नाही. शिवाय व्यवसाय एकेकटे मावळत नाहीत. एका मोटेसाठी चांभाराने कातडं शिवायचं, मांगाने नाडा वळायचा, सुताराने चाक घडवायचं, लोहाराने लोखंडी कडं ठोकायचं. विहिरीवर इंजिन आणि पुढे विजेचा पंप आला, तेव्हा या चौघांचंही एक-एक काम एकदमच गेलं. एकट्या चांभाराचं चित्रण करून ही साखळी दिसणार नाही. चित्रपटाने माणसाइतकाच वस्तूचाही माग काढायला हवा.

शेवटच्या माणसाची वाट पाहण्याचीही गरज नाही. दौंड तालुक्यात गुऱ्हाळं आजही चालतात. काहिलीत रस उकळू लागला की भेंडीचा चिकट रस घालून मळी वर आणायची आणि काढून टाकायची, चुलवणात चिपाडं सारून आच राखायची, फेसाचा रंग आणि बुडबुड्यांचा आकार पाहत राहायचं. पाक पाण्यात टाकून त्याची गोळी वळते का, ते गुळव्या बोटांनी तपासतो. पाक थोडा पुढे गेला तर गूळ बिघडतो. हे ज्ञान आज बाजारात उभं आहे, साखर कारखान्याशी उसासाठी स्पर्धा करतं आहे. त्याचं चित्रण आत्ता झालं, तर जळणाचा खर्च, उसाचा दर, मजुरांची टंचाई हेही त्यात येईल. काही वर्षांनी उरतील त्या फक्त आठवणी.

यावर एक गंभीर आक्षेप आहे. बलुतेदारी ही केवळ कारागिरी नव्हती, ती जातीने बांधलेली व्यवस्था होती. त्रिंबक नारायण आत्रे यांच्या ‘गावगाडा’त (१९१५) तिचा तपशील आहे आणि दया पवारांच्या ‘बलुतं’ने (१९७८) तिच्या तळाशी राहणाऱ्यांचं जगणं मांडलं. इनामगावातही कारागिरांची घरं वस्तीच्या पश्चिम कडेला होती आणि मधली जागा संपन्न शेतकऱ्यांची, असं उत्खनकांचं म्हणणं आहे. मग अशा व्यवस्थेचे गोडवे का गायचे? गाऊच नयेत. पण कॅमेरा बंद ठेवल्याने अन्याय पुसला जात नाही, त्याचा पुरावा तेवढा नाहीसा होतो. खळ्यावर कोणाला किती धान्य मिळे, कोणतं काम नाकारायची मुभा नव्हती, रांजणगाव किंवा कुरकुंभच्या कारखान्यातली नोकरी मुलाला का बरी वाटली, हे प्रश्न कारागिराच्याच तोंडून आले, की माहितीपट स्मरणरंजनातून बाहेर पडतो. काम सोडणाऱ्याचा निर्णयही कामाइतकाच नोंदण्याजोगा आहे.

दुसरा आक्षेप खोटेपणाचा. बंद पडलेलं काम कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून घेणं ही नक्कल नव्हे का? रॉबर्ट फ्लाहर्टीने ‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये (१९२२) बंदुका वापरणाऱ्या इनुइटांना भाल्यांनी शिकार करायला लावली, म्हणून तो चित्रपट आजही वादात आहे. तिथे दोष पुन्हा करून घेण्यापेक्षा लपवण्याचा अधिक होता. ‘हे काम आता होत नाही, आमच्या विनंतीवरून केलं’ असं पडद्यावर लिहिलं, तर तेच चित्रण प्रामाणिक दस्त ठरतं. जर्मनीतील ग्योटिंगेनच्या एका संस्थेने १९५२ पासून एका कृतीचा एक छोटा चित्रपट या पद्धतीने संग्रह उभारला. त्यात भाष्यापेक्षा क्रमाला महत्त्व होतं. आज मोबाइलवर चाकावरच्या मडक्याची दृश्यं मुबलक आहेत, पण माती मळणं, वाळवणं, भट्टीत तडकलेलं मडकं बाजूला काढणं त्यात सहसा येत नाही.

चित्रपटाने कारागिराचं पोट भरत नाही, हेही खरं. माहितीपटाकडून ती अपेक्षा ठेवणंच चूक. बाजार आणि धोरण यांचं काम त्याच्या गळ्यात मारू नये. पण चित्रीकरणाच्या दिवसांची मजुरी देणं, कारागिराला प्रत देणं आणि संकलनाआधी कच्चं चित्रण त्याला दाखवणं एवढं नक्की जमतं. पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूट १९६० पासून आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून आहे. शिरूर-दौंड तिथून दूर नाहीत, म्हणून चित्रीकरण आणि जतन यांसाठी लांब जावं लागत नाही. दाखवलेल्या कामातली चूक कारागिराने काढली, तर तो भाग पुन्हा चित्रित करावा आणि त्याची दुरुस्तीही त्याच्याच शब्दांत चित्रपटात ठेवावी. तशी चूक काढता येण्याइतका तपशीलच ज्यात नाही, तो माहितीपट कितीही देखणा असला तरी अपुरा आहे.