पॉलीवॉटर : पाण्याची काल्पनिक अवस्था आणि तिचा बोध

घन, द्रव आणि वायू या पाण्याच्या तीन अवस्था प्राथमिक शाळेतील विद्यार्थ्यालाही ठाऊक असतात. परंतु पाण्याची एक निराळीच द्रव अवस्था सापडली असल्याची समजूत १९६० नंतरच्या दशकात जगातील अनेक प्रयोगशाळांत पसरली होती. 'पॉलीवॉटर' या नावाने गाजलेले हे पाणी प्रत्यक्षात अस्तित्वातच नव्हते. तरीही त्याचे उपयोग सुचविले गेले आणि त्याच्या धोक्यांची चर्चाही झाली.

शोधाचा प्रारंभ

सोव्हिएत रशियातील कोस्त्रोमा येथे निकोलाय फेद्याकिन हे शास्त्रज्ञ अतिशय बारीक काचनलिकांतील द्रवांचा अभ्यास करीत होते. केसासारख्या या बंद नलिकांत पाण्याची वाफ थंड होऊन जमली असता नेहमीच्या पाण्याहून दाट असा एक द्रव तयार होतो, असे १९६२ च्या सुमारास त्यांना आढळून आले. मॉस्को येथील नामवंत शास्त्रज्ञ बोरिस देर्यागिन यांनी हे संशोधन पुढे चालविले. हा द्रव उणे ४० अंश सेल्सियसपर्यंत गोठत नाही, तो उकळण्यास १५० अंश किंवा त्याहून अधिक तापमान लागते आणि त्याची घनता साध्या पाण्यापेक्षा १० ते २० टक्क्यांनी जास्त असते, असे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. १९६६ साली इंग्लंडमधील नॉटिंगहॅम येथे भरलेल्या परिषदेत देर्यागिन यांनी ही माहिती मांडली, तेव्हा पाश्चात्य शास्त्रज्ञांचे लक्ष तिकडे वेधले गेले. १९६९ मध्ये अमेरिकेतील लिपिन्कॉट व त्यांच्या सहकाऱ्यांनी या द्रवाचा अवरक्त वर्णपट अभ्यासला. पाण्याचे रेणू साखळीप्रमाणे एकमेकांना जोडले जाऊन हा पदार्थ बनतो, असा निष्कर्ष काढून त्यांनी त्यास 'पॉलीवॉटर' हे नाव दिले.

आशा आणि भीती

या वृत्ताने मोठी खळबळ उडाली. थंडीत न गोठणारा द्रव किंवा उत्तम वंगण म्हणून पॉलीवॉटर उपयोगी पडेल, अशा कल्पना पुढे आल्या. या क्षेत्रात रशियाच्या मागे पडू नये म्हणून अमेरिकेच्या संरक्षण खात्याने संशोधनास अर्थसाहाय्य दिले.

आशेबरोबर भीतीही आली. कर्ट व्हॉनेगट यांच्या १९६३ सालच्या एका कादंबरीत ज्याच्या स्पर्शाने सर्व समुद्र गोठून जातात, अशा 'आइस-नाइन' नावाच्या काल्पनिक बर्फाचे वर्णन होते. १९६९ मध्ये अमेरिकेतील प्राध्यापक डोनाहो यांनी 'नेचर' या नियतकालिकास लिहिलेल्या पत्रात याच स्वरूपाचा इशारा दिला. पॉलीवॉटर साध्या पाण्याचेही पॉलीवॉटरमध्ये रूपांतर करील आणि पृथ्वी शुक्रासारखी निर्जीव होईल, असे त्यांचे म्हणणे होते. मात्र पाणी आणि काचेच्या जातीची खनिजे पृथ्वीवर कोट्यवधी वर्षे एकत्र असताना हे आजवर घडले कसे नाही, असा बिनतोड प्रश्नही त्याच वेळी उपस्थित करण्यात आला.

भ्रमनिरास

वस्तुतः नलिकांतून मिळणारा हा द्रव इतका अल्प असे की त्याचे रासायनिक पृथक्करण करणे अतिशय अवघड होते. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेतील डेनिस रूसो व त्यांच्या सहकाऱ्यांनी ते केले, तेव्हा त्यात सोडियम, क्लोरीन यांसारखी द्रव्ये मोठ्या प्रमाणात आढळली. रूसो यांनी पुढे खेळानंतर आलेल्या स्वतःच्या घामाचा वर्णपट तपासला, तो पॉलीवॉटरच्या वर्णपटाशी जवळजवळ तंतोतंत जुळला. त्यांचा हा निबंध १९७१ मध्ये प्रसिद्ध झाला. नलिका काटेकोरपणे स्वच्छ केल्यावर हे विलक्षण गुणधर्म नाहीसे झाले. नवी अवस्था म्हणून गाजलेला पदार्थ म्हणजे केवळ अशुद्ध पाणी होते. देर्यागिन यांनीही १९७३ मध्ये हे जाहीरपणे मान्य केले. तोपर्यंत या विषयावर शेकडो निबंध लिहिले गेले होते.

प्रकरणाचा बोध

या प्रकरणात फसवणूक कोणीही केली नव्हती. मोजमापे खरी होती. परंतु ज्याचे मोजमाप केले तो पदार्थ शुद्ध आहे काय, हा पहिला प्रश्न उशिरा विचारला गेला. पाण्यात क्षार विरघळले की त्याचा गोठणबिंदू खाली जातो व उत्कलनबिंदू वर जातो, हे माध्यमिक शाळेत शिकविले जाते. त्यासाठी नव्या अवस्थेची कल्पना करण्याची आवश्यकता नव्हती. शिक्षकांना हा प्रयोग मीठ, बर्फ व तापमापक यांच्या साहाय्याने वर्गात सहज करून दाखविता येईल.

ग्रामपंचायतींच्या दृष्टीनेही ही हकिकत उपयुक्त आहे. पाण्याची 'रचना' बदलून ते आरोग्यदायी करणारी उपकरणे आजही विक्रीस येतात. अशा वेळी त्या पाण्याची तपासणी कोणी केली, उपकरणातून जाण्यापूर्वीचे व नंतरचे नमुने एकाच प्रयोगशाळेत तपासले काय, ही प्रयोगशाळा विक्रेत्यापासून स्वतंत्र आहे काय, हे प्रश्न खरेदीचा ठराव करण्यापूर्वी विचारले गेले पाहिजेत. पिण्याच्या पाण्यात फ्लोराइडचे प्रमाण लिटरला १ मिलिग्रॅमपेक्षा अधिक नसावे, असे भारतीय मानक सांगते. दुसरा स्रोत उपलब्ध नसल्यास १.५ मिलिग्रॅमपर्यंत सूट आहे. ते प्रमाण घटले किंवा नाही, हे भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या प्रयोगशाळेतील अहवालावरूनच ठरते, जाहिरातीवरून नव्हे.

वैज्ञानिक दृष्टिकोनाची जोपासना हे १९७६ मधील घटनादुरुस्तीने नागरिकांचे मूलभूत कर्तव्य ठरविण्यात आले आहे. नव्या दाव्याचे स्वागत करावे, पण नमुना तपासल्याशिवाय त्याचा स्वीकार करू नये, हाच त्या कर्तव्याचा व्यवहारातील अर्थ होय.