‘पाद्रीची विधवा’ : एका मूकपटातील मृत्यूची प्रतीक्षा

धर्मशास्त्राचे अध्ययन पुरे झालेले, परंतु पद नाही आणि पदावाचून विवाहही नाही, अशा तरुणाची स्थिती विनोदास सहज अनुकूल असते. डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायर यांचा ‘पाद्रीची विधवा’ हा १९२० चा मूकपट प्रारंभी याच वाटेने जातो. हा विनोद करुणेत कसा परिणत होतो, एवढाच प्रश्न येथे विचारात घ्यावयाचा आहे.

कथेच्या मुळाशी एक जुनी रूढी आहे. लूथरपंथी उत्तर युरोपात पाद्रीचे घर व जमीन ही पदाला जोडलेली असत. पाद्रीच्या निधनानंतर ती उत्तराधिकाऱ्याकडे जात आणि विधवा निराधार होई. नव्या पाद्रीने तिच्याशीच विवाह केला म्हणजे तिच्या निर्वाहाचा प्रश्न सुटे. म्हणून अनेक ठिकाणी तशी प्रथा पडली.

चित्रपटाचा नायक सोफ्रेन कोपनहेगनहून आलेल्या प्रतिस्पर्ध्यांवर मात करून पाद्रीपद मिळवितो. परंतु त्यासाठी त्याला तीन पती निवर्तलेल्या वृद्ध मार्गारेटचे पाणिग्रहण करावे लागते. आपली वाग्दत्त वधू मारी हिला तो बहीण म्हणून घरात आणतो, आणि दोघेही वृद्धेच्या मृत्यूची वाट पाहू लागतात. सैतानाचे सोंग घेऊन तिला भिवविण्याचा त्याचा प्रयत्न फसतो, तेथवर प्रेक्षक हसत असतो.

पुढे मारीला अपघात होतो, तेव्हा तिची शुश्रूषा मार्गारेटच करते. सत्य कळल्यावर ती संतापत नाही. तारुण्यात आपण व आपला पहिला पतीही अशाच एका विधवेच्या मृत्यूची वाट पाहत होतो, असे ती सांगते. या एका कबुलीने सर्व चित्र पालटते. येथे खलपुरुष कोणीच नाही. एकाच रूढीने वृद्धा व तरुण या दोहोंनाही जखडले आहे.

या परिणामास चित्रणपद्धतीही साहाय्यभूत झाली आहे. निर्मिती स्वीडिश असली तरी चित्रीकरण नॉर्वेतील लिलहामर येथील माइहाउगेन या खुल्या संग्रहालयातील जुन्या वास्तूंत झाले. त्यामुळे मार्गारेटचे घर केवळ देखावा न वाटता पिढ्यान्‌पिढ्या वापरलेली वास्तू वाटते. ही भूमिका करणाऱ्या हिल्दुर कार्लबेर्ग यांचे चित्रपट प्रदर्शित होण्यापूर्वीच निधन झाले.

ड्रायर यांच्या १९४३ च्या ‘क्रोधाचा दिवस’ या चित्रपटात वृद्ध पाद्रीची तरुण पत्नी हीच मृत्यूची इच्छा उच्चारते. तेथे तिची परिणती चेटकिणीच्या आरोपात होते. येथे मात्र तीच इच्छा क्षमेत विलीन होते, आणि ज्या वृद्धेला प्रेक्षक हसला, तिच्याच थडग्यापाशी तो अखेर नतमस्तक होतो.