जुन्या चित्रपटाचा रंग कोणाचा?

युनियनच्या सभांतून बोलणाऱ्या माणसाने चित्रपटाच्या रंगावर का बोलावे, असे आपणांस वाटेल. पण आमच्या मते हा प्रश्नही कामाचा आणि काम करणाऱ्याचाच आहे.

फिल्मच्या काळात रंग प्रयोगशाळेत ठरे. निगेटिव्हवरून प्रत काढताना तांबडा, हिरवा व निळा असे तीन प्रकाश कमीजास्त करीत. प्रत्येकाला एक ते पन्नास अंश. गिरणीच्या रंगखात्यात एका ताग्याची छटा दुसऱ्याशी जुळवीत, त्यातलाच हा प्रकार. मात्र त्यात सबंध चित्र एकदम बदले. आता निगेटिव्हची चौकट न् चौकट यंत्राने टिपून तिचे आकडे करतात. मग चेहरा, भिंत, आकाश, ज्याला त्याला वेगळा रंग देता येतो. २००६ साली ब्लू-रे तबकडी आली. आपल्याकडच्या डीव्हीडीच्या चौकटीत ७२० गुणिले ५७६ बिंदू, हिच्यात १९२० गुणिले १०८०. म्हणजे बरोबर पाचपट. साहजिकच जुने चित्रपट पुन्हा बाहेर निघाले, आणि रंगाची भांडणेही.

१९७१ सालचा 'द फ्रेंच कनेक्शन' घ्या. न्यूयॉर्कचा हिवाळा, मळके रस्ते, हातात धरलेला कॅमेरा. दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिन, छायालेखक ओवेन रॉइझमन. २००९ साली ब्लू-रे निघाली तेव्हा फ्रीडकिन यांनी चित्र आधी कृष्णधवल केले आणि त्यावर भडक केलेला रंग धूसर करून पसरला. कल्पना अगदीच निराधार नव्हती. १९५६ च्या 'मोबी डिक'मध्ये रंग आणि कृष्णधवल यांचा मेळ घातलेला होता. पण इथे रंग कडांबाहेर ओघळला आणि तो खडबडीत हिवाळा फिकट, गुळगुळीत झाला. रॉइझमन यांना कोणी विचारलेच नव्हते! ते उघडपणे संतापले आणि या कामाशी आपला संबंध नाही, असे त्यांनी सांगून टाकले.

दिग्दर्शकाचा अधिकार आम्ही नाकारीत नाही. परंतु ज्याने थंडीत उभे राहून तो प्रकाश पकडला, त्याचे नाव श्रेयनामावलीत ठेवायचे आणि काम मात्र परस्पर बदलायचे, हे कोणत्या न्यायाने? पुढे २०१२ साली नवी तबकडी निघाली, पुन्हा नव्याने रंग जुळवून. तिला दोघांचीही संमती होती. २०२३ साली दोघेही वारले. मूळ निगेटिव्ह मात्र कोणत्याही तबकडीने बदलत नाही. रंग बदलतो तो आकड्यांतला.