दाट दुधाचा मसालेदार चहा : प्रमाण, क्रम आणि मर्यादा

स्मरणिकेच्या संपादक मंडळाने या वर्षी मजकडे लेखाची मागणी केली, तेव्हा तुरीच्या आवकेविषयी किंवा गोदामातील कीड-निवारणाविषयी मी काही लिहीन, अशी त्यांची अपेक्षा असावी. परंतु या विषयांवर आपल्या मंडळातील जाणते बंधू वरचेवर लिहीत असतात. म्हणून मी एक लहानसा, स्वयंपाकघरातला विषय निवडला आहे. घाऊक धान्याच्या व्यापाऱ्याने चहा करण्याची रीत सांगावी, याचे भगिनींना हसू येईल. तथापि या विषयाचा संबंध आपल्या पाहुणचाराशी, पेढीशी आणि आपण पाळतो त्या नियमांशी किती निकट आहे, हे मी एका चुकीतून शिकलो. ती चूक आधी सांगतो.

सुमारे तीस वर्षांपूर्वी हरभऱ्याच्या हंगामात माझी आई एका सकाळी मंदिरातून परतताना पेढीवर आली. पेढीवर गर्दी होती. नित्याप्रमाणे बाहेरून चहा आला आणि मी एक पेला तिच्या हाती दिला. तिने तो घेतला. घरी गेल्यावर तिने सहज विचारले, "चहाला ही चव कशाची होती रे?" त्या चहात ओले आले ठेचून घातलेले होते आणि मला ते ठाऊक होते. रोजच्या सवयीने माझ्या ध्यानात राहिले नव्हते, इतकेच. आईने कंदमुळांचा त्याग करून त्या वेळी चाळीसहून अधिक वर्षे लोटली होती. तिने मला एका शब्दानेही दोष दिला नाही. दुसऱ्या दिवशी तिने उपवास केला आणि त्यानंतर पेढीवर येऊन ती पाण्यालाही शिवली नाही. चहावाल्याचा यात काहीच अपराध नव्हता. पोत्यात काय माल आहे हे गिऱ्हाइकाला सांगूनच विकावे, असे मी वडिलांकडून शिकलो होतो. मात्र पेल्यात काय आहे, हे मी माझ्या आईलाही सांगितले नव्हते. तेव्हापासून चहा स्वतः करावयाचा, असा मी निश्चय केला.

चहा हे आपल्याकडील पुरातन पेय नव्हे. आसामात चहाची लागवड एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात सुरू झाली आणि तो माल मुख्यतः विलायतेस जात असे. १९०३ साली चहावर उपकर बसविणारा कायदा झाला. त्या पैशातून पुढे या देशातच चहाचा प्रसार करण्यात आला. १९३० च्या सुमारास आसामात पाने चिरडून, फाडून, वळून त्यांचे बारीक दाणे करणारे यंत्र निघाले. या दाणेदार चहाचा रंग लवकर उतरतो आणि थोड्या भुकटीत अनेक पेले होतात. दुधाच्या चहास हाच माल योग्य. लांब पानांचा सुगंधी चहा दुधात उकळणे म्हणजे बासमती तांदळाची खिचडी करण्यासारखे आहे.

आता दाटपणाविषयी. पुष्कळांची समजूत अशी की, भुकटी अधिक घातली अथवा चहा अर्धा तास उकळला म्हणजे तो दाट होतो. वस्तुतः तसे केल्याने तो कडू आणि तुरट होतो. दाटपणा येतो तो दुधातील स्निग्धांशामुळे, प्रथिनांमुळे आणि उकळताना काही पाणी आटल्यामुळे. गाईच्या दुधात साधारणतः साडेतीन ते साडेचार टक्के स्निग्धांश असतो, तर म्हशीच्या दुधात सहा ते आठ टक्के. चहातील तुरट द्रव्यांशी दुधातील प्रथिनांचा संयोग होतो, त्यामुळे जिभेला होणारा तुरटपणाचा चटका मंदावतो. वेलदोडा, लवंग, दालचिनी यांतील सुगंधी तेले स्निग्धांशात सहज मिसळतात. म्हणून पाणचट दुधात मसाला कितीही घातला तरी त्याचा स्वाद उठत नाही. यावरून चांगल्या चहाचा पाया चांगले दूध हाच आहे, हे ध्यानात यावे.

दुधाविषयी आपल्या घरांत जी मर्यादा सांगितली जाते, ती येथेही पाळावी. दूध काढल्यानंतर ते गाळून दोन घटिकांच्या, म्हणजे ४८ मिनिटांच्या आत तापवावे, असा अनेक घरांचा नियम आहे. पाणी दुहेरी स्वच्छ वस्त्राने गाळून घ्यावे.

भुकटी विकत घेताना तिची परीक्षा करावी. ओल्या टीपकागदावर चिमूटभर भुकटी पसरावी. तिच्याभोवती लगेच गडद रंगाचे डाग उमटू लागल्यास वरून रंग दिला आहे, असे समजावे. कागदावर कोरडी भुकटी पसरून वरून लोहचुंबक फिरवल्यास लोहाचा कीस असेल तो चिकटतो. चहा दुसऱ्या पदार्थाचा वास फार लवकर ओढून घेतो. म्हणून तो हिंग, मिरची आणि साबण यांपासून दूर, घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावा.

यानंतर मसाला. ओले आले आपणांस वर्ज्य, कारण ते जमिनीखालील कंद असून शास्त्रात त्याची गणना अनंतकायात होते. वाळलेली सुंठ मात्र बहुतेक घरांत चालते, कारण ती औषधाप्रमाणे अल्प मात्रेत घेतली जाते. ज्यांचा नियम याहून कडक असेल त्यांनी सुंठ वगळून मिरी थोडी वाढवावी. आले वाळताना त्यातील तिखट द्रव्याचा काही अंश अधिक तीव्र अशा दुसऱ्या द्रव्यात पालटतो. म्हणून सुंठ हात आखडूनच घालावी.

दळलेल्या पदार्थांची मर्यादा दिगंबर घरांत पावसाळ्यात ३, उन्हाळ्यात ५ आणि हिवाळ्यात ७ दिवस मानतात. यात व्यवहाराचे शहाणपणही आहे. मसाला कुटला की त्याचे तेल उघडे पडते आणि सुवास उडू लागतो. म्हणून महिनाभराचा मसाला करून ठेवू नये. चार माणसे दोन वेळा चहा घेत असतील, तर हिवाळ्यातील सात दिवसांसाठी सुंठ ६ ग्रॅम, काळी मिरी ४ ग्रॅम, दालचिनी ३ ग्रॅम आणि लवंग १ ग्रॅम असा एकूण १४ ग्रॅम मसाला पुरतो. उन्हाळ्यात व पावसाळ्यात त्याच हिशेबाने दररोज २ ग्रॅम धरावा. वेलदोडा यात दळू नये. त्याचा सुवास सर्वांत चंचल असल्यामुळे तो ऐन वेळी कुटावा. वेलदोड्याची टरफले फेकून न देता साखरेच्या डब्यात टाकावीत.

चार पेल्यांची कृती अशी. जाड बुडाच्या पातेल्यात गाळलेले पाणी पाव लिटर घ्यावे. त्यात अर्धा लहान चमचा, म्हणजे सुमारे १ ग्रॅम, मसाला घालून तीन मिनिटे उकळावे. गवती चहाची दोन पाती मिळाल्यास ती याच वेळी घालावीत. मग भुकटी चार लहान चमचे, म्हणजे सुमारे १० ग्रॅम, घालून दोन मिनिटे उकळू द्यावी. भुकटी आधी पाण्यातच घालण्याचे कारण असे की, तिचा अर्क दुधापेक्षा पाण्यात चांगला उतरतो. दरम्यान दुसऱ्या चुलीवर ४०० मिलिलिटर दूध तापवून ठेवावे आणि ते गरम असतानाच पातेल्यात ओतावे. गार दूध ओतल्यास उकळी मोडते आणि तिची वाट पाहता पाहता भुकटी अधिक कडवट होते. साखर चार चमचे अथवा आवडीप्रमाणे घालावी.

येथून पुढे आंच मंद ठेवावी. सहा ते सात मिनिटे ओगराळ्याने चहा उचलून वरून धार सोडीत राहावे. असे केल्याने दूध बुडाला लागत नाही, साय वेगळी न होता चहात एकजीव होते आणि पाणीही आटते. चहा दोनदा वर येऊ द्यावा आणि दोन्ही वेळा खाली बसवावा. शेवटी दोन वेलदोड्यांचे दाणे कुटून घालावेत, आंच बंद करून एक मिनिट झाकण ठेवावे आणि गाळावे. साडेसहाशे मिलिलिटरमधून सुमारे पाचशे उरतात. तेच चार पेले.

दोन दोषांचे निवारण सांगतो. दूध फाटते ते बहुधा आंबटपणामुळे किंवा गुळामुळे. गुळाचा चहा करावयाचा असल्यास गूळ आंच बंद केल्यानंतर घालावा. आपल्या पांढुर्णा-सौंसर भागात संत्र्यांचा सुकाळ असल्यामुळे काही जण चहात संत्र्याची साल घालतात. वाळलेली साल पाण्याबरोबर थोडी उकळून काढून टाकल्यास हरकत नाही, पण तिला रस लागलेला असेल तर दूध फाटेल. दुसरा दोष कडवटपणाचा. चहा कडू झाला म्हणून साखर वाढवू नये. पुढच्या वेळी भुकटी उकळण्याचा वेळ कमी करावा.

चहाला मर्यादा हवी, हेही सांगितले पाहिजे. जेवणाबरोबर चहा घेतल्यास अन्नातील लोह शरीरात नीट शोषले जात नाही. म्हणून विशेषतः भगिनींनी जेवण आणि चहा यांत एक तासाचे तरी अंतर ठेवावे. साखरेचा विकार असलेल्यांनी साखर वगळावी. आटवलेल्या दुधास स्वतःची थोडी गोडी असतेच. रात्रिभोजनत्यागाचा नियम असणाऱ्यांनी संध्याकाळचा चहा चार वाजताच उरकावा, कारण मार्गशीर्षात आपल्याकडे साडेपाचच्या सुमारास सूर्य मावळतो आणि हंगामात पेढीवरील माणसाला घड्याळाचे भान राहत नाही. पर्युषणात व दशलक्षणात अनेकांचे डोके दुखते. ते उपवासामुळे, असे आपण म्हणतो. बऱ्याच वेळा ते चहा एकाएकी सुटल्यामुळे असते. पर्व येण्याच्या आठवडाभर आधीपासून एकेक पेला कमी करीत गेल्यास हा त्रास टळतो.

आज आमच्या पेढीवर चहा तेथेच होतो. शेतकरी, हमाल, दलाल आणि मुनीमजी यांना एकाच पातेल्यातला मिळतो. ज्यांना आले हवे असते त्यांना आम्ही सुंठीचा देतो आणि त्यांची तक्रार नसते. नवीन पाहुणा आला की पेला पुढे करण्यापूर्वी चहात काय काय आहे, हे सांगण्याची रीत ठेवली आहे. याला क्षणभरही लागत नाही. कोणाचा नियम काय आहे, कोणाला काय बाधते, हे आपणांस ठाऊक नसते. विचारण्याचा संकोच पाहुण्यावर टाकण्यापेक्षा सांगण्याची तसदी यजमानाने घ्यावी, हे उचित.

आईचे पुढे वार्धक्याने पेढीवर येणे थांबले. त्या घटनेनंतर काही महिन्यांनी मी घरी प्रथमच स्वतःच्या हाताने हा चहा करून तिच्यापुढे ठेवला आणि त्यात घातलेली प्रत्येक वस्तू तिला सांगितली. तिने सर्व शांतपणे ऐकले आणि एकच प्रश्न केला, "पाणी गाळलेस ना?" मी होय म्हणताच तिने पेला उचलला. चहा किंचित कडू झाला होता, हे मला नंतर माझ्या पेल्यावरून कळले. तिने मात्र तो शेवटच्या घोटापर्यंत घेतला.

लिहिण्यात काही अधिकउणे झाले असल्यास सुज्ञ बंधुभगिनींनी उदार अंतःकरणाने क्षमा करावी. जय जिनेंद्र.