ठोकणारा कोण? सुतार, तांबट की हुदहुद?



उल्हासनगरच्या कॅम्प २ मध्ये कोणालाही विचारा, “येथे पक्षी कोणते?” उत्तर मिळेल, “कावळे आणि कबुतरे!” घरे, दुकाने आणि कारखाने यांच्या दाटीत झाडच शोधावे लागते, हे खरे. तरीही एखाद्या जुन्या पिंपळाखाली किंवा अंबरनाथच्या शिवमंदिराजवळच्या झाडांखाली सकाळी अर्धा तास शांत उभे राहा. उत्तर कोकणातील गावांत आणि शहरांत आढळणारे तीन पक्षी तुम्हाला भेटण्याचा संभव आहे. सुतार, तांबट आणि हुदहुद हे ते तिघे. यांची लोक नेहमी गल्लत करतात.

आधी मोजपट्टी, मग रंग

झाडाच्या सावलीत रंग फसवतात. म्हणून प्रथम आकार पाहावा. त्यासाठी ओळखीचे पक्षीच मोजपट्टी म्हणून वापरा. चिमणी सुमारे १५ सेंटिमीटर लांब, बुलबुल २० आणि कबूतर ३३. साळुंकी बुलबुलाहून थोडी मोठी. नवा पक्षी यांपैकी कोणाएवढा आहे, हे आधी ठरवा. मग तो बसतो कसा, उडतो कसा आणि खातो काय, ते पाहा. रंग सर्वांत शेवटी.

उभ्या खोडावरचा सुतार

पक्षी उभ्या खोडाला चिकटून वर सरकत असेल, तर तो बहुधा सुतार. त्याची दोन बोटे पुढे व दोन मागे असतात. पण केवळ बोटांवर भागत नाही. भिंतीवरच्या फळीला आपले सुतारदादा खालून तिरका टेकू देतात ना? तसेच येथे आहे. पक्ष्याचे वजन खोडापासून थोडे बाहेर असते. त्यामुळे त्याचे डोके मागे उलथू पाहते आणि शेपटीकडचा भाग खोडाकडे दाबला जातो. शेपटीची ताठ पिसे खोडाला टेकलेली असल्याने तोल सावरतो. दोन पाय आणि एक शेपटी, अशी ही तिवईच झाली!

आपल्या भागातील सोनपाठी सुतार साळुंकीपेक्षा मोठा असतो. पाठ सोनेरी, डोक्यावर लाल तुरा. मादीच्या तुऱ्याचा पुढचा भाग काळा असून त्यावर पांढरे ठिपके असतात. दुसरा सुतार बुलबुलाहूनही लहान, पाठीवर पांढरे ठिपके आणि कपाळ पिवळसर. त्याच्या शास्त्रीय नावात ‘महरत्तेन्सिस’ हा शब्द आहे. त्याचा अर्थ मराठ्यांच्या मुलखातला! दोघेही उडताना पंख मारतात, मिटतात, पुन्हा मारतात. म्हणून त्यांची वाट लाटेसारखी वरखाली होते.

न ठोकता ठोके देणारा तांबट

भर दुपारी ‘टुक्, टुक्, टुक्’ असा एकसारखा आवाज येतो. जणू कोणी तांब्याचे भांडे ठोकत आहे. पण हा आवाज चोचीच्या माराचा नाही, गळ्यातला आहे. चोच मिटलेलीच असते आणि गळा फुगतो. हा पक्षी चिमणीहून थोडा मोठा, हिरवा, कपाळावर व छातीवर लाल, गळा पिवळा. तो वडा-पिंपळाची फळे खातो. बोलताना डोके इकडेतिकडे वळवतो, त्यामुळे आवाज नेमका कोठून येतो, ते कळत नाही.

जमिनीवरचा हुदहुद

मैदानात चालत, लांब वाकड्या चोचीने माती टोचणाऱ्या तुरेवाल्या पक्ष्याला अनेक जण सुतार म्हणतात. तो हुदहुद. पंखांवर काळे-पांढरे पट्टे आणि डोक्यावर पंख्यासारखा उघडणारा तुरा. मातीतल्या अळ्या हे त्याचे खाद्य. लाकूड फोडणे त्याला जमत नाही.

डोके का दुखत नाही?

सुताराच्या कवटीत धक्का शोषणारी गादी असते, असे पुष्कळ पुस्तकांत छापलेले आढळते. २०२२ साली शास्त्रज्ञांनी तीन जातींच्या सुतारांची ठोकताना वेगवान चित्रफीत घेऊन मोजमाप केले. चोच थांबते त्याच क्षणी डोकेही थांबते, असे त्यांना दिसले. म्हणजे गादी नाहीच. डोके कडक हातोड्यासारखे काम करते. विचार करा, गादी असती तर घावाचा जोर तीच खाऊन टाकती आणि लाकूड फुटले नसते! मेंदू सुरक्षित राहतो तो मुख्यतः त्याच्या लहान आकारामुळे. लहान मेंदूत त्याच धक्क्याने कमी दाब निर्माण होतो.

वाळकी फांदी निरुपयोगी?

सुतार आणि तांबट दोघेही ठिसूळ लाकडात ढोली कोरून अंडी घालतात. त्यांनी सोडलेल्या ढोलीत पुढे साळुंकी, दयाळ, कधी पोपटही संसार थाटतात. हुदहुदही आयती पोकळीच शोधतो. एक वाळकी फांदी म्हणजे कित्येक घरांची चाळच! पण विणीचा काळ साधारण फेब्रुवारीपासून पावसाळ्याच्या तोंडापर्यंत, आणि पावसाआधी फांद्या छाटण्याचे कामही त्याच सुमारास. रस्त्यावर पडू शकणारी फांदी काढावीच लागते. पण कापण्यापूर्वी तीत गोल भोक आहे का, पक्षी ये-जा करतो का, हे कोणी पाहायचे?

तुम्हीच! एका वहीत तारीख, वेळ, झाड, पक्ष्याचा आकार आणि त्याचे काम लिहा. वापरात असलेली ढोली आढळली, तर शिक्षकांमार्फत नगरपालिकेच्या किंवा महापालिकेच्या उद्यान विभागाला कळवा. धोका नसेल, तर छाटणी काही आठवडे पुढे ढकलता येते. पिल्ले उडून जायला तेवढे पुरते.