कांद्याचा भाव आणि जमिनीचा भाव

अकरावीच्या अर्थशास्त्राच्या वहीत दोन रेघा हमखास सापडतात. मागणीची रेघ वरून खाली उतरते, पुरवठ्याची खालून वर चढते. दोघी जिथे एकमेकींना छेदतात, तिथे भाव ठरतो. आम्ही शिक्षक हे फळ्यावर काढून दाखवतो आणि मुले पाठ करतात. यात खोटे काही नाही. वाशीच्या बाजार समितीत कांद्याच्या गाड्या कमी आल्या की भाव चढतो आणि नवे पीक आले की उतरतो. हे कळायला पुस्तक लागत नाही, घरातली बाई ते पिशवीच्या वजनावरून सांगते.

पण याच नवी मुंबईत आणखी एक भाव आहे, जो या दोन रेघांत मावत नाही. तो जमिनीचा भाव. कांदा पुढच्या हंगामात जास्त पिकवता येतो. जमीन पिकवता येत नाही. आहे तेवढीच राहते.

रानड्यांनी विचारलेला प्रश्न

पाश्चात्त्य अर्थशास्त्राचे नियम सगळीकडे जसेच्या तसे लागू पडतात का, हा प्रश्न आपल्याकडे जुना आहे. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी 1892 साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात भारतीय अर्थशास्त्रावर व्याख्यान दिले. त्यांचे म्हणणे साधे होते. हे शास्त्र काही गोष्टी आधीच गृहीत धरते: माणूस फक्त स्वतःचा फायदा पाहतो, भांडवल आणि मजूर हवे तिकडे सहज जातात, दोन्ही बाजू बरोबरीने करार करतात. इथे मात्र माणसावर कुटुंबाची, जातीची आणि रूढीची पकड असते. मग ते नियम निसर्गनियमासारखे अटळ कसे मानायचे? देश, काळ आणि समाज पाहूनच अर्थशास्त्र मांडले पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता.

शेताची किंमत कोणी ठरवली?

रानड्यांचा हा प्रश्न आपल्या दारातच उभा आहे. मुंबईवरचा भार हलका करण्यासाठी खाडीपलीकडे नवे शहर वसवावे, ही कल्पना चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी 1965 साली ‘मार्ग’ नियतकालिकात मांडली. 1970 साली सिडकोची स्थापना झाली. ठाणे, पनवेल आणि उरण परिसरातल्या 95 गावांची जमीन या शहरासाठी ठरवली गेली. हिशेब असा होता की जमीन घ्यायची, रस्ते आणि पाणी द्यायचे, आणि वाढलेल्या भावाने भूखंड विकून शहराचा खर्च भागवायचा.

भरपाई 1894 च्या भूसंपादन कायद्याने ठरत होती. त्यात बाजारभाव मोजताना एक अट होती: ज्या कामासाठी जमीन घेतली, त्या कामामुळे पुढे वाढणारी किंमत धरायची नाही. म्हणजे शेतकऱ्याला पैसे मिळणार भातशेताचे, आणि विकली जाणार ती शहराची जमीन. कागदावर हा ‘बाजारभाव’ होता. पण विकणाऱ्याला नाही म्हणण्याची मुभाच नव्हती. मग तो बाजार कसला?

दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी रस्त्यावर उतरले. जानेवारी 1984 मध्ये जासई परिसरात पोलिसांच्या गोळीबारात पाच जणांचा जीव गेला. त्यानंतरच्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याची योजना आली. वाढलेल्या किमतीत मूळ मालकाचाही वाटा आहे, हे शासनाने मान्य केले. ते पाठ्यपुस्तकातल्या रेघांनी नव्हे, माणसांनी मिळवले.

वाढलेला भाव कोणाचा?

जगात हा प्रश्न इतरांनीही विचारला आहे. अमेरिकेतले हेन्री जॉर्ज यांनी 1879 च्या आपल्या ग्रंथात म्हटले की जमिनीची वाढती किंमत मालकाच्या घामातून नव्हे, साऱ्या समाजाच्या वाढीतून येते. म्हणून त्यावर कर लावून ती समाजाकडे यावी. कार्ल पोलान्यी यांनी 1944 साली सांगितले की जमीन, श्रम आणि पैसा या विक्रीसाठी बनवलेल्या वस्तू नाहीत. त्यांना तसे वागवले तर समाज विस्कटतो. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांना 2009 चे अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले. गावे आपली सामायिक जंगले आणि मासेमारीची पाणी स्वतःचे नियम करून सांभाळू शकतात, हे त्यांनी दाखवले.

ऑस्ट्रॉम वाचताना आम्हाला इथली खाडी आठवते. शेतकऱ्याच्या हाती निदान सातबारा होता. खाडीत जाळे टाकणाऱ्या कोळ्याच्या आणि मिठागरावर राबणाऱ्या मजुराच्या नावावर काय होते? ज्याचा कागद नाही, त्याचे नुकसान हिशेबात येत नाही.

आपल्या परंपरेतला विचार

इस्लामी इतिहासातही जमिनीवर मोठी चर्चा झाली आहे. इराकची सुपीक जमीन जिंकल्यावर ती सैनिकांत वाटावी, अशी मागणी होती. हजरत उमर (रजि.) यांनी सल्लामसलत करून ती कसणाऱ्यांकडेच ठेवली आणि तिच्यावर खराज बसवला. सगळे आजच वाटले तर पुढच्या पिढ्यांना काय उरेल, हा त्यांचा सवाल होता. इमाम अबू यूसुफ यांच्या ‘किताबुल खराज’मध्ये हा प्रसंग नोंदलेला आहे. आपल्या काळात डॉ. मुहम्मद नजातुल्लाह सिद्दीकी यांनी इस्लामी अर्थशास्त्र आधुनिक भाषेत मांडले. 1982 साली त्यांना किंग फैसल पुरस्कार मिळाला.

मात्र नुसत्या नावाने न्याय येत नाही. व्याज टाळतो म्हणणारा माणूस भूखंड घेऊन वर्षानुवर्षे रिकामा ठेवतो आणि भाडेकरू कुटुंब दर अकरा महिन्यांनी घर बदलते, तेव्हा प्रश्न उरतोच.

घरातला हिशेब

आणि एक प्रश्न थेट आपल्या घरातला. भातशेत होते तोवर बहिणीच्या वाट्याची आठवण कोणाला नव्हती. भूखंडाची किंमत लाखांत आणि कोटींत गेली, तेव्हा हक्कसोडपत्रावर सही घ्यायला तिला माहेरी बोलावले गेले. कुणी साडी दिली, कुणी नुसता जेवणाचा मान. अर्थशास्त्र याला ‘स्वेच्छेचा करार’ म्हणेल. कुरआनने मुलीचा वाटा ठरवून दिला आहे आणि त्यात भाव वाढल्यावर माफीची सवलत नाही. भावाची नाराजी आणि माहेर तुटण्याची भीती डोक्यावर असताना केलेली सही स्वखुशीची कशी?

सरकारकडे आम्ही वाढलेल्या भावातला न्याय्य वाटा मागतो. तोच न्याय चुलीपर्यंत आला पाहिजे. मुलांनी त्या दोन रेघा जरूर शिकाव्यात, परीक्षेत गुणही मिळवावेत. पण आकृती काढून झाल्यावर त्यांनी आणखी दोन प्रश्न विचारावेत: या व्यवहारात नाही म्हणण्याची मुभा कोणाला होती? आणि ज्याचे नाव कागदावर नाही, त्याचे काय झाले? हे प्रश्न विचारायला अर्थशास्त्राची पदवी लागत नाही. घरात बसून, बहिणीला शेजारी बसवून, ते आजही विचारता येतात.