फुटणारे मोती आणि ज्येष्ठांचे गिळणे

नातवंडांबरोबर शीतपेयांच्या दुकानात गेलात, की हल्ली पेल्याच्या तळाशी रंगीत मोती दिसतात. दाताखाली येताच ते फुटतात आणि आतला आंब्याचा किंवा लिचीचा रस तोंडभर पसरतो. यांनाच ‘पॉपिंग बोबा’ म्हणतात. ‘हे आजींना चालेल का?’ या प्रश्नाचे उत्तर त्यांच्या वयावर नव्हे, तर गिळण्याच्या क्षमतेवर अवलंबून आहे.

बबल टीमधील काळे, चिवट गोळे टॅपिओकाचे, म्हणजे आपल्या साबुदाण्याच्याच कुळातले. फुटणारे मोती निराळे. समुद्रशेवाळापासून मिळणारे सोडियम अल्जिनेट कॅल्शियमच्या क्षाराशी संयोग पावले, की पातळ पापुद्रा तयार होतो आणि त्यात रस कोंडला जातो. स्पेनमधील ‘एल बुली’ उपाहारगृहाचे शेफ फेरान आद्रिया यांनी २००३ च्या सुमारास हे तंत्र प्रसिद्धीस आणले.

आता धोका समजून घेऊ. घन घास आपण चावून, गोळा करून मग गिळतो. पातळ द्रव मात्र झटकन घशाकडे धावतो. या मोत्यात दोन्ही एकत्र येतात. पापुद्रा चावत असतानाच रस घशात उतरतो आणि श्वासनलिका वेळेवर झाकली गेली नाही, तर तो फुप्फुसाकडे जातो. रुंद नळीने ओढल्यास अख्खा मोतीच थेट घशावर आदळू शकतो.

म्हणून पक्षाघात, कंपवात किंवा स्मृतिभ्रंश असलेल्यांना, तसेच पाणी पिताना ठसका लागणाऱ्यांना हे मोती देऊ नयेत. जेवणानंतर आवाज ओलसर, घोगरा होणे आणि वारंवार न्यूमोनिया होणे या खुणाही दुर्लक्षू नका. काहींच्या बाबतीत अन्न श्वासमार्गात जाऊनही ठसका लागत नाही. अशा वेळी डॉक्टरांकडून गिळण्याची तपासणी करून घ्यावी.

ज्यांचे गिळणे उत्तम आहे, त्यांनी ताठ बसावे, नळी बाजूला ठेवावी आणि चमच्याने एकेक मोती घ्यावा. तो जिभेने टाळूवर दाबून फोडावा, पापुद्रा चावून गिळावा आणि मगच बोलावे. कवळी सैल असेल तर हा मोह टाळावा. मधुमेहींनी लक्षात ठेवावे, की मोती बहुधा साखरेच्या पाकात असतात आणि पेयाची साखर त्याहून वेगळी.

घास अडकून बोलता वा खोकता येईनासे झाले, तर रुग्णाला पुढे वाकवून दोन खांद्यांच्या मध्ये तळहाताने ५ जोरदार थापा द्याव्यात. अडथळा निघाला नाही, तर मागून कवेत घेऊन बेंबीच्या वर ५ वेळा आत व वरच्या दिशेने दाब द्यावा. दोन्ही क्रिया आलटून पालटून सुरू ठेवाव्यात आणि तोवर दुसऱ्याने १०८ क्रमांकावर फोन करावा.

आजींना मोती वर्ज्य असले, तरी पंगतीतून उठवू नका. गिळण्याच्या तज्ज्ञांनी सांगितलेल्या दाटपणाचा, गाळलेला आमरस त्यांच्या वाटीत वाढा. नातवंडांसोबत गोड खाण्याचा आनंद त्यांनाही हवाच असतो.